सुईतील धातू आणि आपली सही



या व्यासपीठावर आम्हांस बोलावले तेव्हा चालकांची कल्पना अशी असावी की आम्ही बोनसवर बोलू, किमान वेतनावर बोलू, फार तर माथाडी मंडळाच्या कारभारावर कोरडे ओढू. आम्ही विषय कळवला तेव्हा चिटणीसांनी दोनदा विचारून खात्री करून घेतली. गॅडोलिनियम! शब्द उच्चारतानाच जिभेला ठेच लागते. आम्ही डॉक्टर नव्हे. आमची शाळा सातवीत सुटली; पुढचे जे काही शिक्षण झाले ते सार्वजनिक वाचनालयात आणि कामगार न्यायालयाच्या व्हरांड्यात. तेव्हा सभेत जे तज्ज्ञ असतील त्यांनी आमचे चुकले तर सभा संपल्यावर खुशाल कान धरावा.

या विषयाकडे आम्ही वळलो ते एका हमालामुळे. तीस वर्षे बाजार समितीत पाठीवर पोती वाहिलेला माणूस. पाठ दुखत होतीच, ती कोणाची दुखत नाही? पण संध्याकाळचा ताप येऊ लागला, वजन उतरले, आणि डॉक्टरांनी कण्याचा एम.आर.आय. काढण्यास सांगितले, तोही कॉन्ट्रास्टचे इंजेक्शन देऊन. आदल्या रात्री कोणीतरी फोनवरचा एक मजकूर त्याला वाचून दाखवला: या सुईत धातूचे विष असते, ते मेंदूत जाऊन बसते. दुसऱ्या दिवशी तो तपासणीच्या दारापर्यंत गेला, इंग्रजी फॉर्मवर सही केली, आणि नंबर पुकारण्याआधीच परत फिरला. घरी सांगितले, यंत्र बंद होते. अडीच महिने गेले. पाय लटपटू लागले तेव्हा पुन्हा धावाधाव झाली आणि कण्याचा क्षय निघाला, बाजूला पू साठलेला. आज तो काठी घेऊन चालतो. पोते उचलणे संपले.

आम्ही त्याच्यावर रागावलो. तो म्हणाला, "भाऊ, तुम्हांला तरी ठाऊक होतं का त्या सुईत काय असतं?" नव्हते. सुईला नाही म्हणून तपासणीला हो म्हणता येते, साधा एम.आर.आय.सुद्धा पुष्कळ काही सांगतो, एवढेही त्याला कोणी सांगितले नव्हते आणि आम्हांलाही सांगता आले नसते. त्या शरमेपोटी आम्ही वाचायला बसलो.

आता वस्तू काय आहे ते पाहू. गॅडोलिनियम हे मूलद्रव्य, अणुक्रमांक ६४. १८८० साली जिनीव्हाच्या मारिन्याक नावाच्या रसायनज्ञाने ते शोधले. नाव पडले गाडोलिन या फिनलंडच्या शास्त्रज्ञावरून. शंभर वर्षे त्याला वैद्यकात कोणी विचारीत नव्हते. या धातूच्या आयनापाशी सात इलेक्ट्रॉन बिनजोडीचे असतात, त्यामुळे तो चुंबकीय दृष्टीने मोठा जोरकस. एम.आर.आय.मध्ये क्ष-किरण नसतात. आपल्या शरीरातील पाण्याचे हायड्रोजन अणुगर्भ प्रचंड चुंबकात एका दिशेला वळतात, रेडिओलहरीने त्यांना डिवचले की कलतात, आणि पुन्हा जागेवर येतात. हा परतण्याचा वेळ मोजून चित्र तयार होते. गॅडोलिनियम जवळ असले की परतण्याचा वेळ घटतो आणि ती जागा चित्रात उजळते. निरोगी मेंदूतील रक्तवाहिन्या या औषधाला बाहेर पडू देत नाहीत. जिथे गाठ आहे किंवा जंतूंनी घर केले आहे, तिथल्या वाहिन्या गळक्या झालेल्या असतात, म्हणून नेमकी ती जागा दिव्यासारखी दिसते. पाठीचे शस्त्रकर्म झालेल्या माणसाला पुन्हा कळ आली, तर ते जुन्या जखमेचे वण की पुन्हा सरकलेली चकती, हेही यामुळे उमगते. आमच्या हमालांच्या दृष्टीने ही लहान गोष्ट नव्हे. मात्र साध्या पाठदुखीला बहुतेक वेळा या सुईची गरजच नसते, हेही लगेच सांगून ठेवतो.

मग विषाचा प्रश्न आला कुठून? फोनवरचा तो मजकूर निव्वळ खोटा नव्हता, आणि म्हणूनच तो घातक होता. मोकळा गॅडोलिनियम आयन खरोखरच विषारी आहे. आकाराने तो कॅल्शियमच्या जवळपास, त्यामुळे स्नायू, नसा, हृदय यांत कॅल्शियमची जी वाट असते तिच्यात तो अडकून बसतो. म्हणून तो कधीच मोकळा टोचत नाहीत. एका मोठ्या रेणूच्या पिंजऱ्यात कोंडून टोचतात.

आम्ही तरुणपणी पॉवर प्रेसवर काम केले आहे. प्रेस पत्रा कापते तशीच बोटही कापते. म्हणून प्रेस फेकून देत नाहीत, तिला जाळी बसवतात. पण जाळ्या दोन प्रकारच्या. एक समोरून अडवते, बाजू उघडी ठेवते. मालकाला स्वस्त पडते, आणि पाळी घाईची असली की हात बाजूने जातोच. दुसरी चारी बाजूंनी बंद. गॅडोलिनियमच्या पिंजऱ्यांचेही असेच आहे. एक प्रकार रेखीय: रेणूची साखळी धातूभोवती गुंडाळलेली, पण टोके मोकळी. दुसरा वलयाकार, ज्याला मॅक्रोसायक्लिक म्हणतात: धातू कड्याच्या आत बंद. १९८८ साली अमेरिकेत मान्यता मिळालेले पहिले औषध, मॅग्नेव्हिस्ट, रेखीय होते. साठ किलोच्या माणसाला नेहमीच्या मात्रेने बारा मिलीलिटर द्रावण लागते, आणि त्यात जवळजवळ एक ग्रॅम गॅडोलिनियम असते. मूत्रपिंडे धडधाकट असली तर साधारण दीड तासात निम्मे औषध रक्तातून उतरते आणि दिवसाभरात नव्वद टक्क्यांहून अधिक लघवीवाटे बाहेर पडते. सारी सुरक्षितता या बाहेर पडण्यावर उभी होती.

आणि आता या हकीकतीचा जो भाग आम्ही तीनतीनदा वाचला तो सांगतो. क्ष-किरणांच्या तपासणीत आयोडीनचे औषध देतात. ते दुबळ्या मूत्रपिंडांना बाधेल अशी भीती असते. तेव्हा डॉक्टरांनी सद्हेतूने विचार केला की मूत्रपिंडाच्या रोग्याला आयोडीन नको, गॅडोलिनियम देऊ, ते निर्धोक आहे. रक्तवाहिन्यांची चित्रे स्पष्ट यावीत म्हणून कित्येकदा दुप्पट-तिप्पट मात्राही दिली. म्हणजे ज्यांच्या शरीरातून औषध बाहेर पडू शकत नव्हते, नेमक्या त्यांनाच ते अधिक मिळाले. १९९७ साली अमेरिकेत सॅन दिएगो येथे डायलिसिसच्या रोग्यांत एक नवा आजार दिसू लागला. हातापायांची कातडी जाड होऊन लाकडासारखी घट्ट व्हायची, सांधे आखडायचे, माणूस चाकाच्या खुर्चीला खिळायचा. काहींच्या आतल्या इंद्रियांपर्यंत ही काठिण्याची बाधा जायची आणि काही त्यात दगावले. २००० साली 'लॅन्सेट'मध्ये वर्णन छापून आले. कारण मात्र सहा वर्षे सापडेना.

ते सापडले २००६ साली, आणि ते कोण्या मोठ्या प्रयोगशाळेने नव्हे, तर रुग्णांच्या नोंदी चाळणाऱ्या डॉक्टरांनी शोधले. ऑस्ट्रियाचे ग्रोबनर यांनी पाहिले की डायलिसिसवरच्या ज्या रोग्यांना हा आजार झाला त्यांना आधी गॅडोलिनियम दिले होते. त्याच वर्षी कोपनहेगनच्या डॉक्टरांनी आपले तेरा रोगी तपासले. तेरांपैकी तेरांना गॅडोडायामाइड हे रेखीय औषध मिळाले होते. औषध दिवसेंदिवस शरीरात रेंगाळायचे, पिंजरा सैल व्हायचा, जस्तासारखे दुसरे धातू आत शिरून गॅडोलिनियमला बाहेर ढकलायचे. २००७ साली अमेरिकेच्या औषध-प्रशासनाने चौकटीतील इशारा सक्तीचा केला. मूत्रपिंडांची चौकशी केल्यावाचून सुई देणे थांबले, आणि नवे रोगी दिसणे जवळजवळ बंद झाले. आम्हांला यात एक गोष्ट फार मोलाची वाटते. नोंद होती म्हणून कारण सापडले. कोणते औषध, किती, केव्हा, हे कागदावर नसते तर कोपनहेगनची तेरा माणसे नुसतीच दुर्दैवी ठरली असती. अपघाताचे रजिस्टर लिहायला टाळणारे व्यवस्थापक आम्ही उभ्या जन्मात पुष्कळ पाहिले आहेत, म्हणून हे जास्त जाणवते.

मेंदूत साठण्याची गोष्टही अशीच अर्धी खरी. २०१४ साली जपानच्या कांदा आणि सहकाऱ्यांनी दाखवले की वारंवार ही सुई घेतलेल्यांच्या मेंदूतील काही केंद्रे कॉन्ट्रास्ट न देताच उजळ दिसतात. पुढच्या वर्षी अमेरिकेतील मेयो क्लिनिकने मृतांच्या मेंदूत प्रत्यक्ष गॅडोलिनियम मोजले. मूत्रपिंडे चांगली असलेल्यांतही ते राहते. रेखीय औषधांचे जास्त, वलयाकारांचे फार कमी. पण निरोगी मूत्रपिंडांच्या माणसाला या साठ्यापासून अमुक आजार झाला, असे सिद्ध झालेले नाही. २०१७ साली युरोपने शिरेतून देण्याची काही रेखीय औषधे थांबवली, यकृताच्या तपासणीपुरती दोन ठेवली. अमेरिकेने बंदी घातली नाही. रोग्याच्या हाती सोप्या भाषेतील माहितीपत्रक दिलेच पाहिजे, असा नियम केला. आमचा कौल युरोपच्या बाजूने, पण माहितीपत्रकाची अमेरिकी कल्पना आम्ही बेलाशक उचलली.

आमच्या युनियनने मराठीत अर्ध्या पानाचा कागद छापला आहे. मधुमेह, रक्तदाब किंवा मूत्रपिंडाचा विकार असेल तर क्रिएटिनिनचा ताजा रिपोर्ट बरोबर न्या आणि आपण होऊन सांगा, कारण गर्दीत विचारायचे राहून जाते. आधी कधी या सुईने पित्त उठले असेल, धाप लागली असेल, तर तेही सांगा; गंभीर बाधा दहा हजारांत एखादी किंवा त्याहूनही विरळ, पण ती एखादी आपली असू नये. बाई गरोदर असेल तर अगदी निकड असल्यावाचून ही सुई देत नाहीत. अंगावर पाजणाऱ्या आईला मात्र दूध तोडण्याचे कारण नाही, दुधात ते नाममात्र उतरते. डायलिसिसवर असाल तरी घाबरून पळू नका: वलयाकार औषध गरज असेल तर देतात, आणि शक्यतो डायलिसिसच्या पाळीआधी तपासणी ठरवतात. एक वाक्य आम्ही ठळक छापले आहे: "डॉक्टरसाहेब, ही सुई कशासाठी, आणि औषध रेखीय की वलयाकार?" काही डॉक्टर मित्रांनी यावर नाक मुरडले, हमालाला रसायनशास्त्र कशाला म्हणून. एकाने मात्र कागद वाचून दोन चुका दुरुस्त करून दिल्या.

गेल्या महिन्यात आमचा तो काठीवाला सहकारी फेरतपासणीला गेला, तेव्हा आम्ही बरोबर होतो. त्याने खिडकीतल्या मुलाला ते वाक्य जसेच्या तसे विचारले. मुलगा आत गेला, बऱ्याच वेळाने परत आला, म्हणाला, "वलयाकार. पण असं कोणी विचारत नाही." आमच्या सहकाऱ्याने रिपोर्टवर औषधाचे नाव आणि मात्रा लिहून मागितली. त्यावर थोडी कुरकुर झाली. मग त्याने निळ्या शाईने नाव लिहिले, खाली बारा मिलीलिटर आणि तारीख. फॉर्म अजूनही इंग्रजीतच होता. तो आम्ही त्याला ओळ न् ओळ मराठीत सांगितला, मागची रांग चुळबूळ करीत असताना, आणि मग त्याने सही केली.