उघड्या दाराचा प्रश्न: पंडिता रमाबाई, श्रद्धा आणि स्वातंत्र्य

(एपिसोडचा लिखित मजकूर. बोललो तसंच बरंचसं ठेवलंय, फक्त वाचायला सोपं जावं म्हणून मध्ये छोटे मथळे टाकलेत.)



आज गॅजेट नाही, करिअर नाही, इंटरव्ह्यूच्या टिप्स पण नाहीत. मागच्या एपिसोडनंतर एक मेसेज आला होता, त्यावर बोलायचंय. मेसेज असा: "देवावर श्रद्धा ठेवली की माणूस स्वतःचं डोकं वापरायचं सोडतो ना?" प्रश्न सरळ आहे, आणि तो विचारणारे आपल्यात बरेच जण आहेत. मी पेशाने सॉफ्टवेअर इंजिनिअर. धर्मशास्त्रावर प्रवचन द्यायचा माझा अधिकार नाही. म्हणून हवेत गप्पा मारण्यापेक्षा एक खरी केस घेऊ. केस आपल्या मातीतली आहे आणि विषय आहे ख्रिस्ती नीतिविचार. पंडिता रमाबाई.

शाळेच्या पुस्तकात रमाबाई आपल्याला दोन ओळींत भेटतात. विधवांसाठी काम केलं, शारदा सदन काढलं, पुढचा धडा. त्यांच्या आयुष्यातला सगळ्यात अवघड भाग त्या दोन ओळींत येत नाही.

आधी थोडी पार्श्वभूमी

जन्म १८५८ चा. वडील अनंतशास्त्री डोंगरे. त्या काळात त्यांनी बायकोला संस्कृत शिकवलं, लोकांच्या शिव्या खाल्ल्या, तरी शिकवलं. आईने मग रमाबाईंना शिकवलं. पुराणं सांगत, पायी तीर्थयात्रा करत हे कुटुंब देशभर फिरलं. १८७०च्या दशकातल्या दुष्काळात आईवडील आणि बहीण गेले. रमाबाई आणि भाऊ श्रीनिवास चालत चालत १८७८ साली कलकत्त्याला पोचले. तिथल्या विद्वानांनी या विशीतल्या मुलीची परीक्षा घेतली आणि तिला 'पंडिता' आणि 'सरस्वती' या पदव्या दिल्या. पुढे भाऊ गेला. रमाबाईंनी जातीबाहेर, एका बंगाली वकिलाशी नोंदणी पद्धतीने लग्न केलं. दोनेक वर्षांत कॉलराने तोही गेला. हातात लहान मुलगी, मनोरमा. वय अजून पंचविशीच्या आत!

१८८२ मध्ये त्या पुण्यात आल्या, आर्य महिला समाज काढला. १८८३ मध्ये शिकायला इंग्लंडला गेल्या आणि त्याच वर्षी वाँटेज इथे त्यांनी बाप्तिस्मा घेतला. पुण्यात गदारोळ झाला. पंडिता म्हणून जिला डोक्यावर घेतलं, तिने धर्म बदलला म्हणजे काय!

चर्चशी भांडण

आता मेसेजमधल्या प्रश्नाकडे येऊ. नवा धर्म घेतला म्हणजे रमाबाईंनी डोकं गहाण टाकलं का?

वाँटेजच्या मठातल्या सिस्टर जेराल्डीन या त्यांच्या गुरूसारख्या होत्या. दोघींची पत्रं आज छापलेली उपलब्ध आहेत. वाचली तर कळतं की रमाबाई एकही गोष्ट न विचारता मान्य करत नव्हत्या. पिता, पुत्र आणि पवित्र आत्मा असा एकच देव ही शिकवण त्यांना लगेच पटली नाही. पटली नाही तर त्यांनी तसं सरळ लिहिलं. गळ्यातल्या क्रॉसवर लॅटिन अक्षरं कशाला, संस्कृत का नको, माझ्या देशातल्या बायकांना लॅटिन कुठे कळतं, असा त्यांचा सवाल होता. अंडं घातलेलं पुडिंगसुद्धा त्या खात नसत. शाकाहारी होत्या, ख्रिस्ती झाल्यावरही शाकाहारीच राहिल्या. पुरुष विद्यार्थ्यांना शिकवायचा एक प्रस्ताव त्यांच्यापुढे आला तेव्हा भारतातल्या बिशपांनी विरोध केला. बाईने पुरुषांना शिकवणं बरं दिसत नाही म्हणे. रमाबाई चिडल्या. त्यांचं म्हणणं साधारण असं: भटजींच्या जोखडातून मी आत्ताच मोठ्या कष्टाने सुटले आहे, आता तसंच दुसरं जोखड मानेवर घेणार नाही.

हे थोडं सावकाश ऐका. ही बाई श्रद्धा सोडत नाहीये. तिचं म्हणणं आहे की माझी निष्ठा देवाशी आहे, म्हणूनच त्याच्या नावाने हुकूम सोडणाऱ्या प्रत्येक माणसापुढे मान तुकवायला मी बांधील नाही.

ख्रिस्ती विचारात हा धागा जुना आहे. मार्टिन ल्यूथरने १५२० मध्ये ख्रिस्ती माणसाच्या स्वातंत्र्यावर एक छोटं पुस्तक लिहिलं. त्याचा गाभा दोन उलट वाटणाऱ्या गोष्टींत आहे. श्रद्धेमुळे माणूस कोणाचाच गुलाम राहत नाही, आणि प्रेमामुळे तो सगळ्यांचा सेवक होतो. त्याच्याही आधी संत पौलाने गलतीकरांना लिहिलेल्या पत्रात हेच बजावलंय की स्वातंत्र्य मिळालंय ते स्वतःची हौस भागवायला वापरू नका, एकमेकांची सेवा करायला वापरा. म्हणजे इथे स्वातंत्र्याला दोन बाजू आहेत. 'कशापासून सुटलो' ही पहिली, आणि 'कोणासाठी सुटलो' ही दुसरी. आपण पहिल्या बाजूवर रील्स बनवतो. दुसरी बाजू महाग पडते.

शारदा सदन आणि ते दार

रमाबाईंच्या बाबतीत दुसरी बाजू १८८९ मध्ये सुरू झाली. त्याआधी त्या अमेरिकेत होत्या. तिथे त्यांनी उच्चवर्णीय हिंदू स्त्रीच्या स्थितीवर इंग्रजीत पुस्तक लिहिलं, भाषणं दिली आणि पैसा उभा केला. बॉस्टनमध्ये त्यांच्या कामासाठी एक संस्था स्थापन झाली. तिने दहा वर्षं मदत द्यायचं कबूल केलं. अट एक होती: शाळा धर्माच्या बाबतीत तटस्थ राहील.

११ मार्च १८८९ ला मुंबईत शारदा सदन उघडलं, पुढच्या वर्षी ते पुण्याला आलं. सल्लागार मंडळावर न्यायमूर्ती रानडे, डॉ. भांडारकर यांच्यासारखी माणसं. पहिल्या विद्यार्थिनींपैकी एक होत्या गोदूबाई, त्याच पुढे महर्षी कर्व्यांच्या पत्नी झाल्या. विधवा मुली शिकतायत, केस राखतायत, एका घरात मोकळेपणाने वावरतायत. त्या काळात ही फार मोठी गोष्ट होती.

आणि मग दाराचा प्रश्न आला. रमाबाई रोज आपल्या खोलीत मनोरमेबरोबर प्रार्थना करायच्या. दार उघडं असायचं. काही मुली येऊन बसू लागल्या. बाहेर बोभाटा झाला की मुली बाटवतायत. 'केसरी'ने झोड उठवली. १८९३ मध्ये रानडे, भांडारकर मंडळावरून बाहेर पडले आणि पालकांनी बऱ्याच मुली काढून नेल्या.

रमाबाईंची बाजू अशी: वर्गात मी धर्म शिकवत नाही, कोणावर सक्ती नाही. पण माझ्याच घरात मी दार लावून, लपून प्रार्थना का करू? हिंदू मुलींना त्यांची पूजाअर्चा करायची मोकळीक आहे, तशी मलाही हवी.

रानड्यांची बाजू अशी: पालकांनी आमच्या शब्दावर मुली पाठवल्या आहेत. तो विश्वास तुटला तर उद्या कोणी बाप आपल्या विधवा मुलीला शिकायला पाठवणार नाही.

मला विचाराल तर दोन्ही बाजूंत दम आहे. आपल्या भाषेत सांगतो. ॲपमध्ये एखादी सेटिंग 'ऑप्शनल' असते, पण कंपनीला माहीत असतं की बहुतेक लोक डिफॉल्ट बदलत नाहीत. आता विचार करा, जिच्या आधाराने मी जेवते, शिकते, जिने मला नरकातून काढलं, ती बाई रोज उघड्या दारात प्रार्थना करतेय. सक्ती नाही, कबूल. पण ओढ तर आहे! उपकाराचं वजन असतंच. म्हणून सत्ता ज्याच्या हातात, त्याने समोरच्याचं 'नाही' सोपं ठेवायला पाहिजे. ही जबाबदारी रमाबाईंवर होती.

पण दुसरीकडे हेही बघा. त्या मुलींना मत असू शकतं, असं भांडणाऱ्यांपैकी किती जणांना वाटलं? चर्चा चालली बापांची, सासऱ्यांची, समाजाची. मुलगी कुठल्या खोलीत जाऊन बसली, हा कदाचित तिचा आयुष्यातला पहिला स्वतःचा निर्णय असेल. आणि गोदूबाई त्याच सदनात राहून हिंदूच राहिल्या. म्हणजे 'नाही' म्हणता येत होतं.

केडगाव

पुढे १८९६-९७ चा दुष्काळ आला. लहानपणी स्वतः दुष्काळात होरपळलेल्या रमाबाई मध्य प्रांतात गेल्या आणि शेकडो मुली घेऊन आल्या. पुण्याजवळच्या केडगावला मुक्ती मिशन उभं राहिलं. १८९८ मध्ये अमेरिकन मदतीची दहा वर्षं संपली. नवी व्यवस्था झाली आणि ती उघडपणे ख्रिस्ती होती. मला हा भाग महत्त्वाचा वाटतो. तटस्थतेचं लेबल उतरलं, मग देणाऱ्यालाही माहीत आणि येणाऱ्यालाही. १९०० मध्ये गुजरातच्या दुष्काळातून आणखी मुली आल्या आणि केडगावची वस्ती जवळपास दोन हजारांवर गेली.

तिथे काय चालायचं? शाळा, विणकाम, शेती, तेलाचा घाणा, छापखाना. अंध मुलींना ब्रेलमधून शिक्षण. समाजाने 'बिघडलेल्या' म्हणून टाकलेल्या बायकांसाठी कृपा सदन. ही कल्पना इंग्लंडमधली. तिथे फुलहॅमला अशा बायकांची सेवा करणाऱ्या सिस्टर्स रमाबाईंनी पाहिल्या होत्या, आणि त्या कशाच्या जोरावर हे करतात हे शोधताना त्यांना शोमरोनी बाई आणि येशूची गोष्ट वाचायला मिळाली. म्हणजे त्यांची श्रद्धा सुरू झाली तीच टाकलेल्या बाईपासून.

इथेही अवघड प्रश्न आहेच. दुष्काळात मरायला टेकलेल्या, अनाथ मुलीने धर्म बदलला तर तो किती मोकळेपणाने बदलला? हा प्रश्न तेव्हा विचारला गेला, आजही विचारला पाहिजे. फक्त विचारताना एक गोष्ट जोडूया: त्या वर्षी त्या मुलीला उचलायला दुसरं कोण गेलं होतं?

शेवटची कित्येक वर्षं रमाबाई हिब्रू आणि ग्रीक शिकून बायबलचं साध्या मराठीत भाषांतर करत होत्या, खेड्यातल्या बाईला कोणा पंडिताशिवाय वाचता यावं म्हणून. छपाईचं काम मुक्तीतल्या मुलीच करायच्या. १९२१ मध्ये मनोरमा गेली. ५ एप्रिल १९२२ ला रमाबाई गेल्या. भाषांतर तोवर पूर्ण झालं होतं.

मग उत्तर काय?

श्रद्धा ठेवली की डोकं बंद होतं का? काहींचं होतं. श्रद्धा न ठेवताही होतं, आपले फॅमिली ग्रुप बघा! रमाबाईंच्या बाबतीत श्रद्धेनेच त्यांना दोन्हीकडच्या धर्माधिकाऱ्यांशी वाद घालायचं बळ दिलं, आणि त्याच श्रद्धेने त्यांना मोकळं बसू दिलं नाही.

तुम्ही कुठल्याही धर्माचे असा, नास्तिक असा, दोन गोष्टी तपासता येतील. एक, माझ्या विश्वासामुळे मी माझ्याच लोकांना कधी प्रश्न विचारतो का? दोन, जो माझ्यावर अवलंबून आहे, म्हणजे घरकामाला येणाऱ्या ताई, हाताखालचा इंटर्न, धाकटी बहीण, त्याला मला 'नाही' म्हणणं किती सोपं आहे?

तुम्ही रानड्यांच्या जागी असता तर राजीनामा दिला असता का? आणि रमाबाईंच्या जागी असता तर दार लावलं असतं का? व्हॉइस नोट पाठवा, एक मिनिटाच्या आत. निवडक उत्तरं पुढच्या एपिसोडमध्ये घेऊ, न पटणारी आधी.

चला, भेटू पुढच्या आठवड्यात. काळजी घ्या!