दागिन्याचा मोह आणि दागिन्याचे मोल
(सुवर्णमहोत्सवी समारंभातील भाषण)



सुवर्णमहोत्सव म्हटला की सोन्याचा विषय ओघाने येतोच. त्या सोन्याविषयीच आज दोन जुन्या मूकपटांच्या निमित्ताने चार शब्द बोलतो.

लंडनहून कॅमेरा आणलेल्या दादासाहेब फाळके यांना १९१२ साली चित्रपटासाठी भांडवलाची चणचण होती. तेव्हा त्यांच्या पत्नी सरस्वतीबाईंनी आपले दागिने गहाण ठेवण्यासाठी काढून दिले. इतकेच नव्हे, तर सर्व मंडळींचा स्वयंपाक सांभाळून त्यांनी कोऱ्या फिल्मला छिद्रे पाडण्याचे कामही केले. ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कोरोनेशन चित्रपटगृहात ‘राजा हरिश्चंद्र’ झळकला. सत्यासाठी राज्य सोडणाऱ्या राजाची कथा पडद्यावर आली, त्यामागे एका गृहिणीचा त्याग होता.

पुढे १९२५ साली कोल्हापूरच्या बाबूराव पेंटर यांनी ना. ह. आपटे यांच्या कथेवरून ‘सावकारी पाश’ काढला. लोभी सावकार शेतकऱ्याची जमीन गिळंकृत करतो आणि तो शेतकरी शहरात गिरणी कामगार होतो. शेतकऱ्याची भूमिका व्ही. शांताराम यांनी केली होती. आपण व्यापारी मंडळींनी हा चित्रपट विशेष ध्यानात ठेवावा. गरजवंताचा दागिना तिजोरीत आला की त्याची चमक दिसते. त्या घरातील माउलीचा मोकळा गळा मात्र दिसत नाही.

तत्त्वार्थसूत्रात आचार्य उमास्वातींनी वस्तूला नव्हे, तर वस्तूवरील आसक्तीला परिग्रह म्हटले आहे. आपल्या जवळच्या वेरूळला इंद्रसभा लेण्यात हेच पाषाणातून सांगितले आहे. यक्ष-यक्षी अलंकारांनी नटलेले आहेत. तीर्थंकरांच्या अंगावर मात्र एकही दागिना नाही, आणि आपले मस्तक नमते ते त्यांच्यापुढेच.

आपण गृहस्थ आहोत. सर्वस्वत्याग आपल्याला झेपणारा नाही. म्हणूनच श्रावकासाठी परिग्रह-परिमाण व्रत सांगितले आहे. आज लग्नकार्यात सोन्याची चढाओढ लागते आणि साधारण स्थितीतील वधूपिता कर्जात बुडतो. ही चढाओढ आपणच थांबवली पाहिजे. प्रत्येक कुटुंबाने सोन्याची मर्यादा ठरवावी आणि त्यावरील रक्कम मुला-मुलींच्या शिक्षणासाठी द्यावी, अशी माझी नम्र विनंती आहे. असे घडले, तर हा महोत्सव खऱ्या अर्थाने सुवर्णमय होईल.

कळत-नकळत कोणाचे मन दुखावले असल्यास मिच्छामि दुक्कडम्. जय जिनेंद्र!