पाटीचा निकाल



मी सातवी शिकलेली. कायद्यातले मला फारसे कळत नाही. पण आपल्या शेजारच्या अकोला जिल्ह्यातील पातूरची हकीकत ऐकण्यासारखी आहे. तेथील नगरपरिषदेच्या पाटीवर मराठीखाली उर्दूतही नाव होते. ते काढावे, असे एका माजी नगरसेविकेचे म्हणणे. २०२० मध्ये परिषदेने बहुमताने उर्दू ठेवण्याचे ठरविले. बाईंनी जिल्हाधिकाऱ्यांकडे दाद मागितली. तेथे त्यांची सरशी झाली. पुढे अमरावतीच्या विभागीय आयुक्तांनी तो हुकूम फिरविला. बाई नागपूरला उच्च न्यायालयात गेल्या, तेथून दिल्लीस सर्वोच्च न्यायालयात. १५ एप्रिल २०२५ रोजी निकाल लागला : मराठीबरोबर उर्दू लिहिण्यास कायद्याची मनाई नाही, भाषा म्हणजे धर्म नव्हे.

बाई हरल्या. मला निकाल पटला. पाटी वाचणाऱ्यासाठी असते, आणि आमच्या बडनेऱ्यातही उर्दू वाचणाऱ्या शेजारणी आहेत. पण बाईंची चिकाटीही घेण्यासारखी आहे. उद्या नळाचा वा दिव्याचा ठराव अन्यायाचा वाटला, तर ओट्यावर कुरकुरत बसू नका. ठरावाची नक्कल मागा, अर्ज करा, वरपर्यंत जा. आणि निकाल विरुद्ध गेला, तरी शेजारणीशी बोलणे टाकू नका.