विजेचे देयक आणि शाबितीचा भार
(मंडळाच्या वार्षिक स्नेहसंमेलनातील भाषण)



या व्यासपीठावरून विद्या, विवाह आणि व्यवसाय यांविषयी बोलण्याची परंपरा आहे. आजचा आमचा विषय त्या मानाने रुक्ष आहे. परंतु ज्या घरी विजेचे देयक येते, त्या घराला तो परका नाही. आम्ही वकील नव्हे. मॅट्रिकपर्यंत शिकून मुलांना गणित शिकविण्यात आमचे आयुष्य गेले. म्हणून कायदा आम्हांस जसा उमगला, तसा सरळ भाषेत मांडतो.

देयकाविषयी वाद उत्पन्न झाला म्हणजे पहिला प्रश्न असा की, सिद्ध कोणी करावयाचे? १८७२ च्या पुरावा कायद्याचे तत्त्व असे होते की, जो एखाद्या वस्तुस्थितीच्या आधारे हक्क सांगतो, त्यानेच ती शाबीत करावी. १ जुलै २०२४ पासून त्या कायद्याच्या जागी भारतीय साक्ष्य अधिनियम आला. तत्त्व मात्र तेच राहिले. त्याच्या जोडीला दुसरे तत्त्व आहे: जी गोष्ट विशेषेकरून एकाच्याच माहितीतील असेल, ती शाबीत करण्याचा भार त्याच्यावर. मीटरच्या तपासणीचा अहवाल आणि वाचनाच्या नोंदी कंपनीपाशी असतात. घरात कोणती उपकरणे किती वेळ चालतात, हे आपल्याला ठाऊक असते. तेव्हा दोन्ही पक्षांना आपापला वाटा उचलावा लागतो.

१९१० च्या जुन्या वीज कायद्यात, लबाडी नसेल आणि मीटरविषयी रीतसर वाद नसेल तर, मीटरवरील आकडा हाच निर्णायक पुरावा मानला जाई. तो कायदा जाऊन २००३ चा विद्युत अधिनियम आला, तरी तपासणीत बिनचूक ठरलेल्या मीटरचा आकडा खोडणे आजही कठीणच आहे. ‘देयक फार आले’ एवढे म्हणून भागत नाही. शंकेला आकड्यांचा आधार लागतो.

तो आधार प्राथमिक शाळेतील गणित देते. एक हजार वॉटचे उपकरण एक तास चालले की एक युनिट होते. घरातील सर्व उपकरणे मिळून एक हजार वॉटची असतील, तर ती तीस दिवस अहोरात्र चालवूनही ७२० युनिटेच होतील. अशा घराला एका महिन्याचे अकराशे युनिटांचे देयक आले, तर वाचनात किंवा मीटरमध्ये दोष असला पाहिजे, हे उघड आहे. एवढा हिशेब अर्जात लिहून मीटरच्या तपासणीची मागणी केली, म्हणजे उत्तर देण्याची पाळी कंपनीवर येते.

आमच्या परिचयातील एका विधवा भगिनीच्या घरी कित्येक महिने ‘सरासरी’ची देयके येत राहिली आणि मग एकदम मोठ्या रकमेचे देयक आले. मुलगा परगावी. चारचौघांत चर्चा नको म्हणून त्यांनी बांगड्या गहाण ठेवून सारी रक्कम भरली. तक्रारीचा एक कागदही दिला नाही. ती रक्कम खरी होती की खोटी, हे आजतागायत कोणी तपासलेले नाही. हे दुःख अज्ञानाचे आहे, दारिद्र्याचे नव्हे.

त्यांना ठाऊक असते, तर कलम ५६ त्यांच्या मदतीला आले असते. थकबाकीसाठी वीज तोडण्यापूर्वी पूर्ण पंधरा दिवसांची लेखी नोटीस द्यावी लागते. मागितलेली रक्कम, किंवा मागील सहा महिन्यांच्या सरासरीने येणारी रक्कम, यांपैकी जी कमी असेल ती ‘निषेधपूर्वक’ भरली, तर वादाचा निकाल लागेपर्यंत वीज तोडता येत नाही. कंपनीने दाद दिली नाही, तर ग्राहक तक्रार निवारण मंच आहे आणि त्याच्यावर विद्युत लोकपाल आहे. आपल्या राज्यात लोकपालांची कार्यालये मुंबई व नागपूर येथे आहेत.

चोरीचा आरोप मात्र निराळा. कलम १३५ प्रमाणे, वीज घेण्याचे अनधिकृत साधन जागेवर होते, हे आधी कंपनीने शाबीत करावयाचे. ते झाले की लबाडी ग्राहकाचीच, असे गृहीत धरले जाते आणि निरपराधित्व सिद्ध करण्याचा भार आपल्यावर येतो. म्हणून झडतीच्या वेळी हजर राहावे, जप्त वस्तूंची यादी वाचूनच सही करावी आणि तिची प्रत मागून घ्यावी. सूर्यास्तानंतर आणि सूर्योदयापूर्वी घरातील प्रौढ पुरुष हजर नसेल, तर राहत्या घराची झडती घेता येत नाही, हे भगिनींनी विशेष लक्षात ठेवावे. अनधिकृत वापराची आकारणी कलम १२६ खाली झाली, तर अंतिम आदेशापासून तीस दिवसांत, निम्मी रक्कम भरून अपील करावे लागते. तेथे तक्रार मंचाचा उपयोग नाही.

बंधूंनो, ज्याला दुसऱ्याकडून पुरावा मागावयाचा आहे, त्याचे स्वतःचे हात स्वच्छ असले पाहिजेत. लग्नाच्या मांडवासाठी तारेवर आकडा टाकणारे यजमान आणि तेथे आनंदाने जेवणारे आपण, दोघांनीही याचा विचार करावा. रीतसर तात्पुरती जोडणी मिळते. तिचा खर्च मांडवाच्या खर्चातच धरावा.

शेवटी एक विनंती. प्रत्येक घरी मीटरजवळ एक वही टांगावी आणि दर महिन्याच्या ठरलेल्या तारखेस आकडा लिहावा. हे काम शाळेत जाणाऱ्या मुलाकडे द्यावे. मंडळाच्या शिकलेल्या तरुणांनी महिन्यातून एक रविवार वृद्ध व एकाकी कुटुंबांची देयके तपासून अर्ज लिहून देण्यासाठी राखावा. शाबितीचा भार ज्याच्यावर असेल त्याच्यावर असो. चार हातांनी उचलला, तर तो हलका होतो.