एकतर्फी निकाल लागला म्हणून जमीन गेली असे नाही
(करकंब, ता. पंढरपूर येथील बैठकीत केलेल्या बोलण्याचा मजकूर)



आज घोषणा कमी आणि कागद जास्त, असं ठरवून आम्ही आलो आहोत. जमिनीच्या दिवाणी दाव्यात आपली माणसं बाजू खोटी ठरून हरतात त्याहून जास्त वेळा हजरच नव्हती म्हणून हरतात.

हे होतं कसं ते तुम्ही पाहिलेलं आहे. मुकादमाची उचल घेतलेली असते. दसरा-दिवाळी झाली की कोयता बांधून माणसं फडावर जातात. पाठीमागे म्हातारी, दोन शेळ्या, नाहीतर नुसतं कुलूप. पट्टा पडून परत यायला मार्च-एप्रिल उजाडतो. आणि समन्स नेमकं त्याच दिवसांत निघतं. हा योगायोग आहे असं आम्हांला वाटत नाही. बेलिफ येतो, दार बंद बघतो, कागद दाराला चिकटवतो. तारखेला पुकारा होतो, प्रतिवादी गैरहजर. वादी एकटाच पुरावा देतो आणि ताब्याचा हुकूमनामा घेऊन जातो. आपल्याला कळतं कधी? दरखास्त होऊन ताबा घ्यायला माणसं बांधावर उभी राहतात तेव्हा.

तिथं पुष्कळ जण कपाळाला हात लावून बसतात. बसू नका. दिवाणी प्रक्रिया संहितेत ऑर्डर 9, नियम 13 आहे. हा आकडा पाठ करा. ज्या कोर्टाने एकतर्फी हुकूमनामा दिला त्याच कोर्टात तो रद्द करण्याचा अर्ज करता येतो. कारणं दोनच चालतात. एक, समन्सची बजावणी रीतसर झाली नाही. दोन, हजर न राहण्याला पुरेसं कारण होतं. 'जमीन आमचीच आहे' हे कितीही खरं असलं तरी या अर्जात तेवढ्याने भागत नाही, ते पुढच्या लढाईत.

बजावणी कशी झाली हे कोर्टाच्या फाईलमध्ये असतं. म्हणून पहिलं काम नकलेचं. समन्स, बेलिफाचा अहवाल, रोजनामा आणि हुकूमनामा, सगळ्यांच्या नकला मागा. माणूस घरी नसेल आणि लवकर येण्यासारखा नसेल तर सोबत राहणाऱ्या घरातल्या सज्ञान माणसाला, बाईलासुद्धा, समन्स देता येतं. गड्याला दिलेलं चालत नाही. दाराला चिकटवलं असेल तर कधी, कशामुळे चिकटवलं, घर कुणी दाखवलं, कुणाच्या समक्ष चिकटवलं हे बेलिफाने लिहायला हवं. ती नावं नीट वाचा. घर दाखवणारा वादीचाच सालगडी निघाला, किंवा तुमचं पाल माळावर असताना कागद गावातल्या भलत्याच दाराला लागला, तर तो तुमच्या हातातला मुद्दा आहे.

पण एक इशारा. बजावणीत नुसती बारीक त्रुटी आहे आणि तुम्हांला तारीख वेळेवर कळली होती असं दिसलं, तर कोर्ट हुकूमनामा रद्द करत नाही. म्हणून वकीलपत्रावर अंगठा दिलेला असताना 'आम्हांला काहीच माहीत नव्हतं' असं प्रतिज्ञापत्र करू नका. तिथं दुसरं कारण खरं खरं सांगा. उसाला गेलो होतो तर मुकादमाची चिठ्ठी, कारखान्याची पावती जोडा. आजारी होतो तर दवाखान्याचा कागद जोडा. वकीलच फिरकला नाही तर तसं लिहा. रफीक विरुद्ध मुन्शीलाल या 1981 च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं आहे की खेड्यातल्या माणसाने वकील दिला, फी दिली, की त्याच्यावर पहारा ठेवणं हे त्याचं काम नव्हे. तरी सगळी भिस्त त्यावर ठेवू नका. तारीख आपणच विचारत राहिलेलं बरं.

आता मुदत. इथंच जास्त माणसं मरतात. मुदत 30 दिवसांची, हुकूमनाम्याच्या तारखेपासून. समन्स रीतसर बजावलं गेलं नसेल तर हुकूमनामा कळला त्या दिवसापासून 30 दिवस. वर्तमानपत्रात जाहिरात देऊन किंवा कोर्टाच्या हुकमाने अशाच दुसऱ्या मार्गाने केलेली बजावणी या मुदतीसाठी रीतसर धरत नाहीत. 1963 च्या मुदत कायद्यात, कलम 123 खालीच तसा खुलासा आहे. तरीही दिवस उलटले तर कलम 5 खाली उशीर माफ करण्याचा अर्ज सोबत द्या आणि उशिराचा हिशेब द्या. कुणी सांगितलं, कधी सांगितलं, नक्कल कधी मिळाली.

नुसत्या अर्जाने ताबा थांबत नाही. दरखास्तीला स्थगिती वेगळी मागायची, त्याच दिवशी. कोर्ट खर्च भरायला लावेल, तो मुदतीत भरायचा. समोरच्याला नोटीस गेल्याशिवाय हुकूमनामा रद्द होत नाही, तेव्हा दोन-चार तारखा जाणारच. अर्ज फेटाळला तर त्यावर अपील आहे. हुकूमनाम्यावर सरळ अपीलही करता येतं, पण त्या अपिलाचा निकाल लागून गेला की नियम 13 चं दार बंद होतं. आणि दावा अजून चालू असेल, नुसता एकतर्फीचा हुकूम झाला असेल, तर नियम 7 खाली लगेच हजर व्हा. ते कितीतरी सोपं.

रद्द झाला म्हणजे जिंकलो नाही. दावा पुन्हा उभा राहतो आणि कैफियत द्यावी लागते. तिथं आपलं खरं हत्यार काढायचं. जमीन महसूल संहितेचं कलम 36अ 6 जुलै 1974 पासून सांगतं की आदिवासीची जमीन बिगर-आदिवासीकडे कलेक्टरच्या मंजुरीशिवाय जात नाही. दिवाणी कोर्टाच्या हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीत झालेली विक्रीसुद्धा त्यात धरली आहे, हे वाक्य कायद्यातच आहे. 1 एप्रिल 1957 ते 6 जुलै 1974 या काळात गेलेल्या जमिनींसाठी परत देण्याचा वेगळा कायदा झाला, आणि 1984 साली लिंगप्पा पोचन्ना यांच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने तो वैध ठरवला. पण हे सांगायला दाखला लागतो. पारध्याच्या पोराला दाखल्यासाठी किती खेटे घालावे लागतात ते इथं बसलेल्यांना आम्ही काय सांगावं! तो अर्ज आजच टाका, दाव्याची वाट बघू नका.

वकिलाला पैसे नाहीत, ही अडचण खरी. 1987 च्या विधी सेवा कायद्यात अनुसूचित जमातीच्या माणसाला आणि कुठल्याही बाईला उत्पन्न न बघता फुकट वकील मिळतो. पंढरपूरच्या कोर्टात तालुका विधी सेवा समितीकडे अर्ज द्यायचा.

ज्यांच्या घरी कोर्टाचा कागद आला आहे त्यांनी तो पाकिटासकट आणि सातबाऱ्यासह आमच्याकडे द्यावा. पाकिटावरची तारीख लागते, ते फाडू नका. फडावर जाणाऱ्यांनी मागे राहणाऱ्या एका माणसाचं नाव आम्हांला आजच सांगून ठेवावं. दाराला कागद लागला तर तो काढून कुणाकडे पोचवायचा, हे त्याला ठाऊक असलं पाहिजे.