गोतसभा व ग्रामसभा
(पळसदेव येथील व्याख्यान)



आपले जुने पळसदेव उजनीच्या पाण्याखाली गेले. पाणी ओसरले म्हणजे पळसनाथाचे देऊळ तरी दिसते. पण जुना गावकारभार कसा चाले हे पाहावयाचे तर महजरच वाचले पाहिजेत. शिवकालात वतनाचा किंवा शिवेचा तंटा पडला म्हणजे गोत बसे. गोत म्हणजे नुसते भाऊबंद नव्हेत. पाटील, कुळकर्णी, बलुतेदार असे सारे वतनदार त्यात येत. वादी-प्रतिवादी आधी ‘राजीनामा’ लिहून देत. तो नोकरी सोडण्याचा नव्हे बरे! गोत सांगेल ते राजीखुशीने मान्य करू, असा तो कागद. मग महजरावर ज्याची त्याची निशाणी होई: पाटलाचा नांगर, कुंभाराचे चाक, न्हाव्याचा आरसा. अक्षर न येणाऱ्याचीही साक्ष अशी कागदावर राही.

हा प्रकार एकट्या आपल्याकडचाच नव्हे. स्वित्झर्लंडातील ग्लारुस व आपेनझेल या डोंगरी मुलुखांत शेतकरी वर्षातून एकदा उघड्या मैदानात जमत व हात वर करून कायदे ठरवीत. ग्लारुसला ती सभा आजही भरते.

मात्र जुन्याचे गोडवे गाणाऱ्यांना आमचा सवाल आहे. गोतात बसे कोण? ज्याला वतन तो. उपऱ्याला कोण विचारी? शिवेच्या तंट्यात महाराची साक्ष लागे, पण शिवाशीव सुटत नसे. बायामाणसांचा आवाज तर क्वचितच. आपेनझेल इनररोडनातही बायकांना तो हक्क मिळाला १९९० साली, न्यायालयाच्या हुकमाने! १९४८ साली घटना समितीत बाबासाहेब आंबेडकरांनी खेड्याच्या कोतेपणावर कोरडे ओढले, ते उगाच नव्हे.

आता वतने गेली. १९९३ पासून ग्रामसभेला घटनेचा आधार आहे. मतदारयादीत ज्याचे नाव, तो गोतात. गणपूर्तीला पंधरा टक्के मतदार किंवा शंभर माणसे, यांत कमी असेल ते. तेवढी जमली नाहीत तर सभा तहकूब, आणि तहकूब सभेला गणपूर्तीची अटच नाही! म्हणजे आपण घरी बसलो तर पाचदहा असामी आपल्या पाण्याचा, रस्त्याचा, घरकुलाच्या यादीचा ठराव करून मोकळे. सभेआधी बायांची निराळी सभा घ्यावी असेही कायद्यात आहे. ती आपल्याकडे केव्हा झाली, घरी विचारून पाहा. आणि हजेरीची वही मागाहून दारी आली, तर तिच्यावर सही करू नका. कुंभाराचे चाक महजरावर उमटे, ते तो गोतात बसला म्हणून.