यॉब म्हणजे कोण?



बसमध्ये समोरच्या सीटवर बुटांसकट पाय टाकणारा…
मोठमोठ्याने ओरडणारा दांडगट पोरगा…
इंग्लंडमध्ये त्याला 'यॉब' म्हणतात.

पण मुळात ही शिवी नव्हती.
एकोणिसाव्या शतकात लंडनचे हातगाडीवाले भाजीविक्रेते
शब्द उलटे करून बोलत.
गिऱ्हाइकाला कळू नये… पोलिसालाही कळू नये.
'पेनी'चं झालं 'येनेप'.
'बॉय'चं झालं 'यॉब'.

म्हणजे यॉब… नुसता मुलगा!
१८५९च्या एका बोलीकोशात हाच साधा अर्थ आहे.

पुढे तो उनाड झाला… मग गुंड.
गरीब वस्तीतल्या पोरांचा शब्द अशा पोरांवरच उलटला,
याचं मला वाईट वाटतं.

ऑस्ट्रेलियात 'यॉबो' हा शब्द मित्रांच्या थट्टेतही चालतो.
ब्रिटनमध्ये मात्र अनोळखी माणसाला 'यॉब' म्हणू नका.
तिथे तो अपमानच.